लोण्याचा मान

पुस्तक साडीच्या खाली निघालं.

साळूबाईने होणाऱ्या व्याह्यांकडून आलेलं गाठोडं सोडलं, नारळ बाजूला ठेवला, खण उचलला, हिरवी साडी दोन्ही हातांनी अलगद काढली, आणि तळाशी हे जाडजूड पुस्तक. तिने त्याला हात न लावताच नवऱ्याला हाक मारली. मच्छिंद्र आत आला, त्याने पुस्तक पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला.

"गाठोडं आणणारा गडी काही बोलला का?"

"विहीणबाईंनी, आसराबाईंनी, सांगितलंय म्हणला, सगळं बराबर बघून घ्या."

"मंग झालं तर. म्हंजी ह्ये बी बघा म्हणून राह्यल्या त्या."

एवढ्या तेवढ्याने घाबरणारा माणूस नव्हता मच्छिंद्र. पण मानपान म्हटलं की तो एकेक गोष्ट दहादा विचारून घ्यायचा. मागच्या साली लेकीची, दुर्गाची, ठरत आलेली सोयरीक भर पंगतीत मोडली होती. मुलाच्या चुलत्याला टोपीवर भागवलं, फेटा बांधला नाही, एवढंच कारण. चुलता ताटावरून उठला, त्याच्यामागे सगळे उठले आणि पुरणपोळ्या गावात वाटाव्या लागल्या. त्यानंतर दुर्गाला बघायला कोणी फिरकलं नव्हतं. आता घनसावंगीचा धर्मराज सांगून आला होता. मुलगा मदरशात मास्तर होता. निजामाच्या राज्यात सरकारी शाळेला मदरसा म्हणत. येत्या बुधवारी ती मंडळी सुपारी फोडायला अंतरवालीला येणार होती. ही सोयरीक हातची गेली तर पोर जन्मभर घरात राहील, या धास्तीने मच्छिंद्रची झोप उडाली होती.

पुस्तक उर्दूत होतं. गावात उर्दू वाचणारे एकटे पटवारी, आणि ते अंबडला गेले होते. व्याह्यांना विचारावं, तर 'यांना एवढंही कळत नाही' असं व्हायचं. मग उरला साळूबाईचा भाऊ आबाराव. आबाराव एकदा हैद्राबादला जाऊन आला होता, आणि तेवढ्यावर तो कशाचाही अर्थ सांगायला मोकळा झाला होता.

"अक्षरं उर्दू हायेत," आबाराव म्हणाला. "उर्दू उलटीकडून वाचत्यात. पण चितराला काय उलटं नि सुलटं, दाजी?" असं म्हणून त्याने पुस्तक मांडीवर घेतलं आणि आपल्या मराठी पुस्तकासारखं, आपल्या बाजूने, पहिलं पान उघडलं.

पहिल्याच चित्रात बाजेवर एक माणूस पायापासून गळ्यापर्यंत पांढऱ्या कापडात गुंडाळून निजवला होता. त्याच्यावर एक गडी वाकला होता. त्याचं धड माणसाचं होतं आणि तोंड कुत्र्याचं.

"नवरदेव," आबाराव म्हणाला. "आपण नुसता फेटा देतो, ह्यांच्यात पोशाखाचा ताकाच अंगाला गुंडाळत्यात."

"खर्चा हाय मंग. आन ते कुत्रं?"

"खंडोबाचं. कुळदैवत खंडोबा असंल त्यांचं."

हे इतकं बरोबर बसलं की मच्छिंद्रने चित्राला हात जोडले. पुढच्या पानावर बायकांचा घोळका होता. सगळ्यांचे हात डोक्यावर, तोंडं उघडी. "गाणे म्हणून राह्यल्या," साळूबाई म्हणाली. त्यापुढे गुंडाळलेलाच माणूस पाटासारख्या कशावर तरी बसला होता आणि त्याच्यासमोर रोट्यांची चळत, कांद्याच्या जुड्या, बदकं आणि कसली तरी तांबडी लांबोडी वस्तू मांडली होती. ते रुखवत आहे हे शेंबड्या पोरानेही ओळखलं असतं. तांबड्या वस्तूला मात्र खाली खूर होता.

"ह्यो तर बैलाचा पाय दिसतो," साळूबाई तोंडाला पदर लावून म्हणाली.

"भोपळा हाय," आबाराव घाईने म्हणाला आणि त्याने खुरावर अंगठा ठेवला. भोपळाच ठरला. बदकं पुरणाची करायची ठरली.

खरी पंचाईत त्यापुढच्या पंगतीने केली. पंगतीतली माणसं समोरासमोर बसलेली नव्हती. सगळी एकाच बाजूला तोंड करून, एकामागे एक, आणि प्रत्येकाच्या डोक्यावर एक पांढरा निमुळता गोळा.

"भात असंल," मच्छिंद्र म्हणाला.

"भात डोक्यावर काहून ठेवतील? सांडायला?" साळूबाई चित्रावर वाकली. "लोणी हाय. बघा, खाली केस कसे चकाकून राह्यलेत."

पुढची पानं सोपी होती. त्यांत मळणी, नांगरणी आणि बैलांचे कळप होते. व्याह्यांनी आपली जमीन दाखवली असणार. आणि अगदी शेवटच्या पानावर आईच्या मांडीवर तान्हं मूल. आबारावने पुस्तक मिटलं. "बराबर जुळलं, दाजी. पोशाख, गाणे, जेवण, शेतीवाडी आन शेवटाला लेकरू. लग्नाचंच पुस्तक हाय."

बुधवारी वैशाखाचं ऊन मी म्हणत होतं. धर्मराजचे वडील राधाकिसन, आई आसराबाई, खुद्द धर्मराज आणि भाऊबंद गाड्यांतून उतरले. पाय धुणं झालं, गूळपाणी झालं. मग मच्छिंद्र धर्मराजपुढे हात जोडून उभा राहिला.

"जावईबापू, जरा बाजेवर आडवे व्हा."

"आडवा? मी काही दमलो न्हाई."

"दमायची गोष्ट न्हाई. मान हाय तुमचा."

धर्मराजने वडिलांकडे पाहिलं. राधाकिसनने आसराबाईकडे पाहिलं. आसराबाईने खांदे उडवले आणि हळूच म्हणाली, "अंबडाकडं असंल असं काही. नवं गाव, नवी रीत. निज बापा." धर्मराज निजला. आबारावने पांढऱ्याशुभ्र कापडाचा ताका उलगडला आणि पायापासून सुरुवात केली. पाय गेले, मांड्या गेल्या, हातही आत गेले. मग घरचं काळू कुत्रं उचलून आणलं आणि नवरदेवाच्या तोंडावर धरलं. काळूने हुंगलं, आबारावने भंडारा उधळला आणि बाया डोक्यावर हात ठेवून गाऊ लागल्या.

तिथे धर्मराजला घाम फुटला. हे चित्र त्याच्या ओळखीचं होतं. मदरशातलं मिसर देशाचं, म्हणजे इजिप्तचं, पुस्तक तो कधीपासून शोधत होता. जुन्या काळचे तिकडचे लोक कसे जन्मत, काय पिकवत, काय रांधत, मेजवानीला डोक्यावर सुगंधी गोळे ठेवून कसे बसत, आणि सरतेशेवटी मेलेल्या माणसाला गुंडाळून त्याच्यापुढे जेवण कसं मांडत, हे सगळं त्या पुस्तकात होतं. बाजेवरचं ते चित्र उर्दू पुस्तकाचं शेवटचं होतं. इथे ते पहिलं झालं होतं. म्हणजे या घराने पुस्तक उलटीकडून पाहिलं आणि त्याला मढं करूनच सुरुवात केली.

ते पुस्तक इथे आलं कसं, हे काही त्याला कळेना. आपली कोणी थट्टा करतंय, की या लोकांना हा मुलगा नको आहे आणि ते असं सुचवत आहेत? त्याने मच्छिंद्रच्या तोंडाकडे पाहिलं. त्या तोंडावर थट्टा नव्हती, नुसती धास्ती होती. तेवढ्यात त्याला तसाच उचलून पाटावर बसवलं आणि समोर रुखवत मांडलं. रोट्यांची चळत होती, कांदे होते, पुरणाची बदकं होती आणि मधोमध आडवा ठेवलेला एक लांबट भोपळा होता.

"पाव्हणं, पंगतीला चला," मच्छिंद्र राधाकिसनला म्हणाला.

पंगतीत प्रत्येकाचं तोंड पुढच्याच्या पाठीकडे होतं. पाव्हण्यांनी आधी समोरासमोर बसायची खटपट केली, पण आबाराव एकेकाचे खांदे धरून त्यांना वळवत गेला. मग साळूबाई लोण्याची परात घेऊन आली. तिने राधाकिसनला फेटा काढायला लावला, टकलावर गोळा ठेवला आणि पाया पडली.

"धर्मा, काय चाललंय ह्ये?" राधाकिसन पुढे बघूनच पुटपुटला. पुढे त्याला चुलत भावाचं डोकं आणि त्यावरचं लोणी एवढंच दिसत होतं.

"जेवा, दादा," पाटावरून धर्मराज म्हणाला. त्याच्याही डोक्यावर गोळा बसला होता.

लोणी उन्हाला किती टिकणार? पहिली पोळी संपायच्या आत सगळी पंगत गळू लागली. कोणाच्या कानामागून धार लागली, कोणाच्या मिशा गुळगुळीत झाल्या. उजवा हात उष्टा, डावा हात ताटावर न्यायचा नाही, त्यामुळे पुसायची सोय नव्हती. धर्मराजला तर हातच नव्हते. आबाराव त्याला घास भरवत होता आणि मागे लागून बदक खायला लावत होता. लोणी कपाळावरून उतरलं, भुवईत थांबलं आणि डोळ्यात शिरलं. पोळीकडे कोणाचं लक्ष नाही हे बघून काळू आला आणि त्याने नवरदेवाचं तोंड चाटायला सुरुवात केली. बाया गातच होत्या.

"हाड," असं कोणीतरी जवळच ओरडलं. धर्मराजने एक डोळा उघडला. दुर्गा दारामागून धावत आली होती. सुपारीआधी मुलीने असं पुढे यायचं नसतं, पण ते तिला नंतर आठवलं. तिने काळूला हाकललं, पदराच्या टोकाने धर्मराजचे डोळे पुसले, आणि त्याच्या तोंडाकडे बघून तिला हसू आवरेना. ती हसत हसतच आत पळाली. धर्मराज त्या रिकाम्या दाराकडे बघत राहिला.

इकडे राधाकिसनची हद्द झाली होती. लोणी टकलावरून घसरून सदऱ्यात गेलं आणि पाठीवरून खाली निघालं. "बास झालं," तो म्हणाला आणि त्याने उठायला जमिनीवर हात टेकला. मागचे भाऊबंदही हलले.

मच्छिंद्रच्या हातातलं तुपाचं भांडं तिथेच थांबलं. मागच्या साली चुलता असाच उठला होता, असाच हात टेकून.  तो नुसता पाटावरच्या गुंडाळलेल्या मुलाकडे बघत राहिला.

धर्मराजने विचार केला. खरं सांगितलं तर सगळा उलगडा होईल. पण 'मेलेल्याचं जेवण' हे शब्द कानावर पडले की माय अपशकुन म्हणून गाडी जुंपायला सांगेल, आणि ती हसणारी मुलगी या दाराच्या आतच राहील.

"दादा, बसा," तो म्हणाला. "जुनी रीत हाय. लई जुनी."

यात खोटं काहीच नव्हतं. राधाकिसनला वाटलं, या लोकांची जुनी रीत असेल. मच्छिंद्रला वाटलं, जावयाने आपल्या घरच्या रितीची साक्ष दिली. राधाकिसनने टेकलेला हात पुन्हा ताटाकडे नेला आणि मच्छिंद्रने त्याच्या पोळीवर सगळं भांडं उपडं केलं. संध्याकाळच्या आत सुपारी फुटली. मंडळी निघताना मच्छिंद्रने पुस्तकाला हळदकुंकू वाहून, तांबड्या फडक्यात बांधून ते जावयाच्या हाती दिलं. त्या अवतारात ते मदरशात परत कसं करणार, म्हणून घरीच राहिलं.

दुर्गा सासरी आली. साल पालटलं आणि धर्मराजच्या धाकट्या बहिणीची, गोजरची, सुपारी ठरली. आसराबाई सकाळपासून दुधवाल्यांना निरोप धाडत होती.

"एवढं लोणी काहून, आत्याबाई?" दुर्गाने विचारलं.

"काहून म्हंजी? तुझ्या माहेरी मुलीकडच्यांनी एवढं केलं, आन आम्ही कमी पडावं? जल्दी सांग, तुमच्यात अजून काय काय करत्यात?"

"आमच्यात? आमच्यात असं काहीच न्हाई. तुम्हीच पुस्तक धाडलं होतं."

"ते जाड पुस्तक? साडीची घडी मोडू न्हाई म्हणून खाली घातल्तं मी." आसराबाईने हा विषय तिथेच संपवला. "न्हाई कसं? धर्माच म्हणला, लई जुनी रीत हाय म्हणून. जा, घेऊन बस, नीट बघ. ऐन वेळी चूक नको."

दुर्गा पुस्तक घेऊन ओसरीवर गेली. धर्मराज तिथे वह्या तपासत बसला होता. तिने पुस्तक उघडलं तसं त्याने ते तिच्या हातातून घेतलं, फिरवलं आणि दुसऱ्या बाजूने उघडून दिलं. पहिल्या पानावर तान्हं मूल होतं. दुर्गा एकेक पान उलटत गेली. मुलाचा बाप्या झाला, नांगरू लागला, मळणी आली, पंगत बसली. मग बायकांचे हात डोक्यावर गेले. शेवटच्या पानावर तिने बाजेवरच्या मढ्यावर बोट ठेवलं. हसावं की रडावं, तिला कळेना.

"म्हंजी आम्ही तुम्हाला..."

"व्हय."

"आन तुम्हाला तवाच कळलं?"

"कुत्रं आणलं तवाच."

"मंग बोलले काहून न्हाई?"

"मेलेला माणूस बोलत असतो का?"

दुर्गाने पदराचं टोक तोंडात धरलं. तेवढ्यात आतून आसराबाईची हाक आली. "दुर्गा, सापडलं का? पाव्हणे आल्याबरोबर जावयाला गुंडाळायचं, का आधी जेवू घालायचं?"

दुर्गाने धर्मराजकडे पाहिलं. त्याने वहीत मान घातली.

"आधी जेवण, आत्याबाई," ती म्हणाली. "गुंडाळायचं सगळ्यात शेवटी."