न गळणारी टोपी

"मंडळी, इकडं बघा, हे बुरूज म्हणजे थडगी आहेत," मेल्चोर म्हणाला, आणि लिमाहून आलेली पेन्शनरांची अख्खी तुकडी मोबाइल उंचावून नेमकी उलट्या बाजूला चरणाऱ्या अल्पाकाकडे बघू लागली.

मेल्चोर थांबला. थांबायची त्याला सवय होती. सिल्युस्तानीच्या टेकडीवरचे हे दगडी बुरूज तो लग्नाच्या वर्षापासून लोकांना दाखवत होता, आणि आताशा त्याला बुरुजांपेक्षा आतल्या मेलेल्या सरदारांचाच हेवा वाटे. निदान त्यांना कुणी जिने चढायला लावत नव्हतं. तीन दिवसांची सहल: आज थडगी, उद्या मोठ्या तळ्यातल्या आमांतानी बेटावर मुक्काम, परवा शेजारच्या ताकिले बेटावर जेवण आणि संध्याकाळी परत पुनो शहरात. गुडघे पहिल्याच दिवशी बोलायला लागले होते.

त्यात परवाचं जेवण त्याच्याच घरी होतं, आणि ते नुसतं जेवण नव्हतं. परवा विल्बेर येणार होता, टोपी घेऊन.

ताकिलेत बायका मागावर विणतात आणि टोप्या पुरुष विणतात. पोरगा अविवाहित असला की त्याच्या टोपीचा शेंडा पांढरा, लग्न झालेल्याची टोपी अख्खी लाल. मुलीला मागणी घालायची तर पोराने स्वतः विणलेली टोपी सासऱ्याच्या हातात द्यायची, सासऱ्याने तीत पाणी ओतायचं. वीण घट्ट असली तर पाणी राहतं. गळलं, तर पोरगा अजून संसाराला कच्चा. हल्लीचे सासरे घोटभर पाणी हसत हसत ओततात आणि चटकन सांडून देतात. मेल्चोरने मात्र गेल्या वर्षी विल्बेरच्या टोपीत अख्खा जग भरून पाणी ओतलं होतं. टोपी अशी गळली की विल्बेरचे जोडे भिजले. त्या दिवसापासून मेल्चोरची मुलगी रुफिना बापाशी धड बोललेली नव्हती. त्याच्या पुढ्यात सूप ठेवायची ते असं आपटून, की निम्मं टेबलालाच मिळे.

मेल्चोरलाही पोरगा मनापासून आवडायचा. पण करणार काय? दर सहलीत तो स्वतःच्या लग्नाची गोष्ट सांगे, डोक्यावरची लाल टोपी काढी, तीत बाटलीभर पाणी ओती आणि सगळ्यांना दाखवी. थेंब गळत नसे. अशा माणसाने गळक्या टोपीला मुलगी द्यायची म्हणजे तोंड कुठं दाखवायचं?

आजही त्याने टोपी काढली, पाणी ओतलं, टाळ्या घेतल्या आणि पाणी सांडून दिलं.

"बघू जरा," आनिबालसाहेब पुढे झाले. हे कस्टम्समधून रिटायर झालेले. सकाळपासून त्यांनी चहातली कोकाची पानं, बुरुजांचे दगड आणि ड्रायव्हरचं लायसन, तिन्हींवर संशय घेऊन झाला होता. "एवढी कडक कशी ही?"

"घट्ट वीण आहे, साहेब."

"आत प्लास्टिक लावलंय. तीस वर्षं पेट्या उघडल्यात मी, मला शिकवता?" आनिबालसाहेबांनी टोपी उजेडात बघायला हात उंच केला. सिल्युस्तानीच्या वाऱ्याला एवढं आमंत्रण पुरेसं होतं. टोपी सुटली, एका थडग्याला वळसा घालून उतारावरून उडाली आणि थेट खालच्या उमायो तळ्यात पडली.

पण बुडाली नाही! होडीसारखी ताठ बसून ती डौलात पलीकडच्या किनाऱ्याकडे निघाली. सगळे कठड्याशी धावले. मेल्चोरला रडू येत होतं, पण त्या रडण्यातही त्याची छाती फुगली. "बघितलंत?" तो म्हणाला. "ही माझी वीण!"

"अहो, काय केलंत हे!" आनिबालसाहेबांच्या पत्नी ग्रासिएलाबाई नवऱ्यावर कडाडल्या. मग त्यांनी पिशवी उघडली. "मेल्चोर, ही घ्या. नातवासाठी घेतली होती, काल, पुनोच्या बाजारात. घाला बघू."

टोपीचा शेंडा पांढराशुभ्र होता.

"बाई, ही मला नाही चालायची."

"का नाही? छान दिसेल. कान बघा केवढे लाल झालेत! तुम्ही ही घातल्याशिवाय मी इथून हलणार नाही." आणि त्या खरोखरच एका इंकाकालीन दगडावर बसल्या.

मेल्चोरने टोपी घातली. संध्याकाळी पुनोच्या बाजारात दुसरी मिळेना. दुकानांत सगळ्या पांढऱ्या शेंड्याच्याच. पर्यटकांना त्याच गोंडस दिसतात. उसनी मागावी, तर लाल टोपी उसनी देऊन स्वतः पांढरी घालून घरी जाणारा नवरा पुनोत कुठून मिळणार? बोडक्याने ताकिलेत पाऊल ठेवायचं म्हणजे विजारीशिवाय लग्नाला जाण्यासारखंच. जाऊ दे, मेल्चोरने विचार केला, लोक काय टोपी बघत बसलेत?

लोक टोपीच बघत बसले होते.

दुसऱ्या दिवशी आमांतानीत ज्यांच्या घरी मुक्काम, त्या विधवा बासिलियाबाईंनी दारातच त्याला वरून खाली आणि खालून पुन्हा वर न्याहाळलं.

"साबिना गेली की काय?"

"कुठं जाईल माझी बायको? घरी आहे. टोपी वाऱ्याने नेली."

"वाऱ्याने," बासिलियाबाई समजूतदारपणे म्हणाल्या. "माझा भाऊही तेच म्हणाला होता. बिचाऱ्या वाऱ्यावर कशाला घालता? नाही पटलं तर नाही पटलं. बसा, जेवा."

सगळ्यांच्या सुपात बटाटे होते, मेल्चोरच्या सुपात बटाट्याखाली एक अंडं निघालं. त्याने ते चमच्याने पुन्हा खाली दाबलं, पण बोटवाला नेस्तोर शेजारीच बसला होता, आणि त्याने बघायचं ते बघितलं. जेवण झाल्यावर नेस्तोर, रेंज मिळते म्हणून, फोन घेऊन टेकडी चढला. एरवी हा माणूस नांगर टाकायलाही उठत नसे.

तिसऱ्या दिवशी बोट ताकिलेला लागली. वर गावापर्यंत दगडी पायऱ्या. लिमाकर दर वळणावर छाती धरून बसत होते, आणि मेल्चोरला आयुष्यात पहिल्यांदा वाटलं की त्यांनी आणखी हळू चढावं. पहिल्या कमानीशी म्हातारे सिप्रियानोकाका विणत बसले होते. रिवाजाप्रमाणे दोघांनी मूठमूठ कोकाची पानं एकमेकांच्या पिशवीत घातली. मग काकांनी चष्मा वर केला.

"मुलगी लग्नाची झाली, आणि तू हे काय मांडलंयस?"

"काका, वाऱ्याने..."

"आमच्या वेळीही वारा होता. आम्ही टोप्या धरून राहायचो."

पुढे पाणी घेऊन निघालेल्या दोन बायकांनी शाल तोंडावर ओढली, पण शालीआडून हसू ऐकू येत होतं. बेटाच्या पंचायतीतला एकजण तर खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "घाई करू नको, मेल्चोर. पंचायतीपुढे ये, दोघांना समोरासमोर बसवू." मेल्चोर प्रत्येकाला तळं, थडगी आणि आनिबालसाहेब समजावत वर चढत होता आणि दर पायरीला ती गोष्ट त्याला स्वतःलाच खोटी वाटत चालली होती.

"किती जीव आहे हो गावाचा तुमच्यावर!" ग्रासिएलाबाई धापा टाकत म्हणाल्या. "जो तो थांबून विचारपूस करतोय."

घराच्या अंगणात लांब टेबल मांडलं होतं. एका टोकाला विल्बेर मांडीवर कापडात गुंडाळलेली नवी टोपी घेऊन बसला होता, आणि वर्षभर विणून त्याचे डोळे खोल गेले होते. शेजारी त्याचा बाप लाउरेआनो. मेल्चोरच्या डोक्याकडे नजर जाताच त्याने हाताची घडी घातली.

"या व्याही. म्हणजे, व्याही म्हणायचं का अजून? पोराची टोपी तपासणार कोण? हे पांढऱ्या शेंड्याचे? उद्या माझ्या पोराबरोबर तुम्हीही मागणी घालायला निघाल कुठंतरी!"

विल्बेर खाली बघत राहिला. दारात उभी असलेली रुफिना ओठ चावत होती. याही वर्षी मोडलं तर पोरगी आपल्याला जन्मात माफ करणार नाही, हे मेल्चोरला तिच्या तोंडावर लख्ख दिसलं. तो स्वयंपाकघरात शिरला.

साबिना मासे तळत होती. तिने मागे वळूनही बघितलं नाही.

"आलास? बासिलियाने सुपात दोन अंडी घातली म्हणे."

"एकच होतं."

"म्हणजे घातलं!"

"साबिना, बाई गं, मी तीन दिवस चालतोय, माझ्यात भांडायचं त्राण नाही. टोपी खरंच तळ्यात पडली. पण एक सांगतो, बुडाली नाही! तरंगत गेली. एवढी घट्ट..."

साबिनाचा झारा हवेतच थांबला. मग तिचे खांदे हलायला लागले. मेल्चोरला वाटलं रडतेय. ती हसत होती, आणि इतकं हसत होती की शेवटी बटाट्याच्या पोत्यावर बसली.

"तरंगणारच! मेण आहे ते. मेणबत्तीचं मेण!"

"कसलं मेण?"

"माझे बाबा पाणी ओतणार होते ना, त्याच्या आदल्या दिवशी मी तुझी टोपी आतून मेणबत्तीने घासली. चुलीवर धरली, परत घासली. तुझी वीण कशी होती माहितेय? सूप गाळून घ्यावं अशी. वाटलं, एकदाचं लग्न झालं की झालं. तर तू टोपी घेऊन मुलुखभर पाणी ओतत सुटलास! मग काय करते? दर सणाआधी धुवायला म्हणून घ्यायची आणि घासत बसायचं."

"म्हणून धुवायला तुला चार दिवस लागायचे?"

"मग!"

"आणि टोपी उन्हात ठेवू नको, रंग उडतो, म्हणायचीस ते..."

साबिना शालीच्या टोकाने डोळे पुसत राहिली. मेल्चोरने रिकामी घागर उपडी केली आणि तिच्यावर बसला. इतकी वर्षं, इतक्या सहली, इतक्या टाळ्या! प्रत्येक टाळीमागे ही बाई चुलीशी बसून मेण घासत होती, आणि एका शब्दाने बोलली नव्हती. त्याला लाज वाटली, आणि मग एकदम तिच्याबद्दल इतकी माया दाटून आली की त्याला खोकला आला.

"पण का गं?"

"का म्हणजे काय? मला तू पाहिजे होतास. टोपी काय करायची होती मला?"

बाहेर लाउरेआनोचा खाकरण्याचा आवाज आला. मेल्चोर आवाज खाली आणून म्हणाला, "साबिना, घरात मेणबत्ती आहे?"

"होती," मासा उलटत साबिना म्हणाली. "सकाळपासून सापडत नाहीये. आणि रुफिना सकाळीच जाऊन विल्बेरची टोपी झटकायला म्हणून घेऊन आली होती. पुष्कळ वेळ झटकली तिने."

साबिनाने मग झारा ठेवला, नवऱ्याचा दंड धरला आणि त्याला अंगणात आणलं. त्याच्या कमरेच्या रुंद पट्ट्यावर तिने चापट मारली. "लाउरेआनोभाऊ, हा पट्टा माझ्या केसांचा विणलाय, लग्नातला. टोपी वारा नेतो. हा नेईल का? हा माणूस अजून माझाच आहे. कुणाला शंका असेल तर मला विचारा. आणि बासिलियालाही कळवा."

एवढ्यावर लाउरेआनोने हाताची घडी सोडली. विल्बेरने कापड सोडून टोपी पुढे केली. हाताला ती चांगलीच कडक लागली. मेल्चोरने पाण्याचा जग उचलला आणि टोपी काठोकाठ भरेपर्यंत ओतला. सगळे टोपीच्या बुडाकडे बघत होते. मेल्चोर रुफिनाकडे बघत होता, आणि रुफिना बेटाखालच्या तळ्याकडे.

थेंब गळला नाही.

लिमाकरांनी टाळ्या वाजवल्या. आनिबालसाहेब मात्र खुर्ची मागे सारून उठले. "मला जरा आतून बघू द्या."

"खाली बसा!" ग्रासिएलाबाईंनी त्यांचा कोट ओढला. "एक घालवलीत तेवढी पुरे."

"बघण्यासारखं काही नाही, साहेब," मेल्चोर म्हणाला. "घट्ट वीण आहे."

रुफिनाने वर्षभरात पहिल्यांदा बापाकडे सरळ बघितलं, आणि त्याच्या पुढ्यात सूप ठेवलं ते अलगद, थेंबही न सांडता. विल्बेरचा चेहरा असा उजळला होता की त्याच्याकडे बघवेना. "वर्षभर खपलो, बाबा," तो म्हणाला. "रोज उसवून परत विणली."

"दिसतंय ना," मेल्चोरने पाणी सांडून दिलं, टोपी त्याच्या डोक्यावर ठेवली आणि नीट बसवली. "झकास विणलीस, पोरा. फक्त एक सांभाळ. उन्हात ठेवत जाऊ नकोस. रंग उडतो."