सबनीसांची डिव्हिजन

सबनीसांना नुसतं "कसे आहात?" विचारा, ते एका जर्मन पायदळ डिव्हिजनची तब्येत सांगतात. दुसऱ्या महायुद्धातली. रेजिमेंटा तीन, प्रत्येकीत बटालियन तीन, शिवाय हजारो घोडे, घोड्यांचे डॉक्टर, खाटीक आणि पाव भाजणारी अख्खी कंपनी! "लोकांना वाटतं, सगळं रणगाड्यांवर चाललं. छे हो वहिनी, घोड्यांवर!"

इथे आखातात, मेसईदच्या कंपनी कॉलनीत ते आमचे शेजारी. खताच्या कारखान्यात स्टोअर्स बघतात. एकदा मी वैतागून विचारलं, "अहो, पण ही मंडळी दुसऱ्यांच्या देशात घुसली, गावंच्या गावं जाळली, आणि वर हरलीच ना?"

"ते डिपार्टमेंट वेगळं. मी फक्त पुरवठा बघतो."

आता या माणसापुढे काय डोकं फोडायचं!

महिनाअखेर ते रिटायर होणार. नोकरी संपली की व्हिसा खलास, मग नाशिकचा बंद फ्लॅट उघडायचा. बायको गेल्यापासून दोन्ही वेळा कंपनीच्या मेसमध्ये जेवलेला माणूस. जाण्याआधी इथल्या मराठी मंडळातल्या सगळ्यांना आपल्या हातानं पोटभर वाढायचं, एवढा एकच हट्ट धरून बसले.

अल खोरच्या बागेत जेवण ठरलं. मसालेभात, मठ्ठा, जिलेबी, सगळं आमच्या गाडीत. पण सबनीसांचा हुकूम: "किचन नेहमी सैन्याच्या मागे! आघाडी पोचली की मी फोन करीन, मगच निघायचं." मेसईद कुठे, अल खोर कुठे, सव्वा तासाचा रस्ता! मी म्हटलं, "अहो, पोरं भुकेनं रडतील." "इन्शाल्ला, काही होत नाही. यल्ला, चला!" म्हणून स्वतः पुढे गेलेसुद्धा.

आम्ही पोचलो तेव्हा अडीच वाजले होते. अख्खं मंडळ कोपऱ्यावरच्या टपरीत शॉरमा खाऊन आडवं झालेलं. सबनीस डाव घेऊन प्रत्येकापुढे वाकत होते. "घासभर तरी?" "No uncle, I'm full," पोरं म्हणत होती. मोठ्यांनीही पोटावर हात फिरवले.

चांगलं फैलावर घ्यायचं ठरवून मी त्यांच्याकडे गेले. ते भाताच्या पातेल्याशेजारी सतरंजीवर एकटेच बसले होते. मला बघून म्हणाले, "वहिनी, एक विचारू? हसू नका. एका माणसाला तांदूळ किती लागतो हो?"

मी सतरंजीवर टेकले. "अर्धी वाटी," मी म्हटलं.

त्यांनी खिशातून पेन काढलं, तळहातावर लिहून घेतलं.

"आणि पाणी?"