घड्याळजी आणि अडतीस फोटो

"डोक्याला ताण द्यायचे दिवस गेले! आता कुठला भाग कुठे, हे सगळं हा लक्षात ठेवणार," असं म्हणत घड्याळजींनी नवा फोन टेबलावरच्या स्टँडवर ऐटीत उभा केला. समोर होतं शाळेतल्या बाईंचं लंबकाचं घड्याळ. वडिलांची तेवढीच एक आठवण बाईंकडे उरली होती. सकाळी त्या ते घड्याळजींच्या बायकोच्या हाती देऊन गेल्या होत्या. संध्याकाळी पाचला न्यायला येणार होत्या.

घड्याळजींनी कान लावला. "चालतंय, पण चार जिने चढल्यासारखं धापा टाकतंय. पूर्ण खोलायला हवं!"

डोळ्याला भिंग चढवून ते कामाला लागले. भाग काढायचा, डोळ्याजवळ धरून निरखायचा आणि न बघताच फोनचं आवाजाचं बटण दाबायचं. झाला फोटो! अडतीस भाग, अडतीस फोटो. मग सगळे धुऊन एकाच ताटात वाळत घातले.

चार वाजता जोडणीला बसले, फोटो उघडले आणि घाम फुटला. घड्याळाचा पत्ताच नाही! अडतीसच्या अडतीस फोटोंत स्वतः घड्याळजी, नाकपुड्यांसकट!

"अगं, कॅमेरा बिघडला!"

फोन बंद करून चालू केला. लेन्स बनियनला पुसली. सेटिंगमध्ये शिरून काहीबाही दाबलं, तर फोटो चौकोनी यायला लागले. तेही त्यांचेच!

बायकोने फोन काढून घेतला. "बिघडलाय कसला? पुढचा कॅमेरा चालू आहे. हे गोल फिरणारे बाण दाबले की मागचा सुरू होतो."

"आता कळून काय उपयोग! बाईंना काय तोंड दाखवू?"

"तोंड अडतीस वेळा दाखवून झालंय तुमचं," म्हणत ती फोटो सरकवत राहिली आणि एकदम थांबली. "अहो, हे डोळ्यापाशी काय धरलंय?"

"चाक."

"आणि याच्या आधीच्या फोटोत?"

"स्क्रू. त्याच्या आधी पट्टी... अगं, सगळे आहेत की! ओळीने!"

मग काय, शेवटच्या फोटोपासून ती उलटं सांगत गेली, ते बसवत गेले. पाचला पाच कमी असताना लंबक हलला. टक, टक! घड्याळजींच्या छातीवरून जणू कपाट उतरलं. ते खुर्चीत मागे रेलले आणि तोंडभर हसले.

बाई आल्या. टकटक ऐकताच त्यांचे डोळे पाणावले. "किती छान चालतंय हो! बाबा होते तेव्हा असंच वाजायचं."

मग त्यांनी काचेवरून बोट फिरवलं. "पण हा तडा तसाच? फक्त काच बदलायची, असं वहिनींना सांगितलं होतं मी!"

घड्याळजींनी बायकोकडे पाहिलं. ती बाईंसाठी पाणी आणायला लगबगीने आत गेली होती.