पुढील पुरवठा थांबवावा

बायको गेल्यावर माणसं देवाला लागतात, पहाटे फिरायला लागतात, नाहीतर सोसायटीच्या कमिटीत शिरतात. मी पोर्तुगीज शिकायला घेतलं.

तसा निर्णय लहानच होता. माझा मुलगा स्वानंद अकरा वर्षांपूर्वी कंपनीच्या कामासाठी सहा महिने म्हणून ब्राझीलला गेला आणि तिकडचाच झाला. सून रेनाता तिकडची, नात मिनल तिकडची. मिनल आठ वर्षांची आहे आणि पोर्तुगीज बोलते. मराठीतले तिला तीनच शब्द येतात: आजी, घास आणि अजून.

नीलिमाला ते तीन शब्द पुरायचे. दर रविवारी संध्याकाळी सहाला (तिकडे सकाळचे साडेनऊ) ती मोबाइल पोह्यांच्या डब्याला टेकवून उभा करायची, वरणभात कालवायची आणि घास थेट स्क्रीनला लावायची. तिकडे मिनल आ करायची. मग तो घास नीलिमा स्वतःच खायची, मिनल तिकडे खोटा ढेकर द्यायची, आणि दोघी आपापल्या भाषेत अर्धा अर्धा तास बोलत बसायच्या. काय बोलायच्या ते त्यांनाच ठाऊक. मी मागे उभा राहून म्हणायचो, "अगं, स्पीकरमध्ये वरण जाईल." घरच्या संवादात माझा वाटा एवढाच.

गेल्या श्रावणात नीलिमा चार दिवसांसाठी म्हणून दवाखान्यात गेली आणि परत आली नाही. यावर मला विनोद सुचत नाही, तेव्हा पुढे जातो.

त्यानंतरचे रविवार म्हणजे असे. स्वानंद विचारायचा, "बाबा, जेवलात?" मी म्हणायचो, "हो. तिकडे पाऊस?" तो म्हणायचा, "नाही. तिकडे?" मी म्हणायचो, "रिमझिम." मग मिनल येऊन माझ्या खांद्याच्या मागे कुणी दिसतंय का ते बघायची आणि निघून जायची. स्क्रीन स्वच्छ राहायची. इतकी स्वच्छ स्क्रीन मला बघवत नसे.

जेवणाचीही तीच गत. स्वयंपाकाला कस्तुराबाई येतात, मूळच्या इथल्या दिघीच्याच, हाताला चव असलेल्या. पण नीलिमा गेल्यापासून आमटी आमटीसारखी लागेना. "तिच्याबरोबर घरातली चवच गेली," असं मी येईल त्याला सांगायचो आणि लोक माझ्या पाठीवरून हात फिरवायचे.

सगळ्यात वाईट वाटायचं ते वेगळ्याच गोष्टीचं. तिच्या अक्षराचा एक कागद घरात उरला नव्हता. ती लिहायची काय, तर वाण्याच्या याद्या. आणि सामान आलं की मी यादी फाडून टाकायचो, कारण काम संपलेला कागद समोर ठेवायचा नाही अशी कंपनीची शिस्त. ती गेल्यावर मी कपाटं उलटीपालटी केली. बँकेच्या एका फॉर्मवर तिची सही सापडली. तीही इंग्रजीत.

मी चाकणला एकतीस वर्षं फायनल इन्स्पेक्शनला होतो. गाड्यांचे पार्ट तपासायचे आणि खराब निघेल त्याला लाल टॅग लावून रिजेक्शन नोटसकट सप्लायरकडे परत पाठवायचं. हाताखालच्या पोरांना मी पहिल्याच दिवशी सांगायचो, "राव, पार्ट उलटून बघितल्याशिवाय शिक्का मारायचा नाही. खोड नेहमी मागच्या बाजूला असते." (हे वाक्य लक्षात ठेवा. मी ठेवलं नाही.)

चांगल्या पार्टकडे इन्स्पेक्टर बघतही नाही. त्यामुळे स्वानंदनं पाठवलेलं पोर्तुगीजचं पुस्तक मी शेवटून उघडलं, कारण शेवटी 'नेहमी होणाऱ्या चुका' असा धडा होता. काय धडा होता तो! 'कोझेर' एका स्पेलिंगनं लिहिलं तर शिवणे, दुसऱ्यानं लिहिलं तर शिजवणे. 'मास' म्हणजे पण आणि 'माइस' म्हणजे अधिक, आणि यात खुद्द तिकडची माणसं घोटाळा करतात. आजोबा आणि आजी हे शब्द अक्षरशः एकच. शेवटच्या अक्षरावर टोपी घातली की आजोबा, तिरकी काडी मारली की आजी. मी फ्रिजवर तक्ते लावले. आठ महिन्यांत मला अडीचशे शब्दांच्या चुका पाठ झाल्या. 'तू कशी आहेस' हे मात्र येत नव्हतं, कारण त्यात कुणी चूक करत नाही. आणि उच्चार म्हणाल, तर अर्धी भाषा नाकातून. सर्दी झाल्याशिवाय मला साधं 'नाउँ', म्हणजे 'नाही', म्हणता येईना.

अशातच मे महिन्यात मिनलचं पत्र आलं. कागदावरचं, पाकिटातलं, तिकीट लावलेलं. शाळेनं आजी-आजोबांना पत्र लिहायला सांगितलं होतं.

मला इतका आनंद झाला की मी चष्मा पुसला, लाल पेन काढलं आणि तपासायला बसलो.

हसू नका. मला प्रेम करायची तेवढीच एक रीत येते. ज्या पोराच्या कामात मी चुका काढल्या ते पुढे सुपरवायझर झालं, असा माझा अनुभव. मिनलच्या पत्रात चौदा चुका निघाल्या. 'माइस'च्या जागी 'मास' होतं, दोन एसच्या जागी एक होता, आणि आजोबांच्या डोक्यावर टोपीच नव्हती. सगळीकडे गोल केले. मग रीतसर नोट हवी म्हणून फ्रिजशेजारच्या खिळ्याकडे गेलो.

तिथे आमचा पॅड टांगलेला असायचा. कंपनीनं रिजेक्शन नोटचा नमुना बदलला तेव्हा जुने कोरे पॅड भंगारात निघाले होते, त्यातले सहा मी विचारून घरी आणले होते. त्यांच्या कोऱ्या पाठीवर नीलिमा याद्या करायची. पाच संपले होते, सहाव्याचा शेवटचा कागद पुठ्ठ्याला चिकटून उरला होता. मी तो फाडला, भरला. दोष: चौदा. दोषाचं स्वरूप: गंभीर. खालची छापील ओळ सवयीनं टिक केली, कारण दहाच्या वर दोष गेले की ती टिक करायचीच: 'पुढील पुरवठा थांबवावा'. मिनलला समजावं म्हणून प्रत्येक ओळीखाली पोर्तुगीज भाषांतर लिहिलं, एकही चूक न करता. पत्राला नोट जोडली, रेकॉर्डसाठी पत्राचा फोटो काढला आणि स्पीड पोस्टानं रवाना केलं. वर्षभरात प्रथमच मला काम केल्यासारखं वाटलं.

रविवारी स्वानंदनं विचारलं, "बाबा, मिनूचं पत्र मिळालं?"

"मिळालं. लगेच निकालात काढलं."

"म्हणजे? तिनं मागितलं ते पाठवलंत?"

"काय मागितलं?"

"बाबा, तुम्ही ते वाचलंत ना?"

मी वाचलं नव्हतं. तपासलं होतं. एकतीस वर्षांत मी एकाही पार्टला विचारलं नव्हतं की बाबा रे, तू कुठे बसणार आहेस.

फोन ठेवला आणि डिक्शनरी घेऊन फोटोसमोर बसलो. एकेक शब्द लावत अकरा ओळींना सव्वा तास लागला. पत्रात लिहिलं होतं:

'आजोबा, आजी मला फोनमधून घास द्यायची. तू देत नाहीस. तुझ्याकडे जेवण नसतं का? नसेल तर मी बाबाला सांगते. तू फक्त पाऊस विचारतोस. मला आजीचं काहीतरी पाठव. छोटं चालेल. माझ्याकडे आजीचं काहीच नाही. तुझ्याकडे अजून असेल तर.'

'अजून असेल'वर माझा लाल गोल होता. दोष क्रमांक नऊ.

मी तिथेच बसून रडलो. कस्तुराबाई भाकरी टाकत होत्या, त्यांनी गॅस बारीक केला आणि काही न विचारता पाणी आणून दिलं.

दुसऱ्या दिवशी पोस्ट ऑफिस उघडायच्या आधी मी दारात. काउंटरवरची वर्षाली ओळखीची.

"ताई, ते ब्राझीलचं पाकीट परत पाहिजे."

"काका, ते शुक्रवारीच गेलं."

"थांबवता येईल?"

"विमान?"

"नातीला चुकीचं गेलंय हो."

तिनं कॉम्प्युटरमध्ये बघितलं, माझ्याकडे बघितलं. "पत्ता चुकलाय का?"

"पत्ता बरोबर आहे. तेवढंच बरोबर आहे."

त्यानंतर मी काय केलं, तर पळ काढला. तीन रविवार स्वानंदचा फोन आला की 'नेटवर्क नाही' असा मेसेज टाकायचो. (दिघीत नेटवर्क उत्तम आहे. लष्कराच्या हद्दीजवळ राहून मला शौर्याचा वारा लागलेला नाही.) रोज पाकीट कुठवर गेलं ते मोबाइलवर बघायचो. ते जसजसं पुढे सरके तशी माझी भूक कमी होई. आठ वर्षांची पोर आजीची आठवण मागते आणि आजोबा कळवतो, पुढील पुरवठा थांबवावा! नीलिमा असती तर म्हणाली असती, "अहो, माणसांना टॅग लावू नका." म्हणायचीच ती. पण तिला पाठवायला तरी माझ्याकडे काय होतं? साड्या बहिणींनी नेल्या, चष्मा तिच्याबरोबर गेला. बँकेची सही पाठवू?

चौथ्या रविवारी व्हिडिओ कॉल आला. पाकीट पोचल्याचं मला मोबाइलवर आदल्या दिवशीच दिसलं होतं. जे होईल ते होवो म्हणून मी मोबाइल पोह्यांच्या डब्याला टेकवला, कस्तुराबाईंकडून वरणभात वाढून घेतला आणि कालवलेला घास हातात धरून फोन उचलला. ऑडिटलाही मी कधी एवढी तयारी केली नव्हती.

स्क्रीनवर मिनल होती. हसत होती. पुढचे दोन दात पडलेले.

"वोवो!" ती ओरडली, म्हणजे आजोबा, आणि पुढे भडाभडा पोर्तुगीज. अडीचशेपैकी एकही शब्द त्यात नव्हता.

"बाबा," स्वानंदचा आवाज आला, जरा जड, "ती म्हणतेय, थँक यू. तुम्ही आधी का नाही सांगितलंत, हे तुमच्याकडे आहे म्हणून?"

"काय आहे?"

त्यानं मोबाइल फिरवला. मिनलच्या पलंगावरच्या भिंतीला एक कागद चिकटवला होता. भोवती तिनं फुलं काढली होती. कागदावर निळ्या शाईत, उजवीकडे चढत जाणारं, मी पस्तीस वर्षं वाण्यासमोर धरलेलं अक्षर होतं.

'चार दिवसांचं. मी येईपर्यंत,' अशी वर ओळ होती.

दवाखान्यात जायच्या दिवशी सकाळी तिनं पॅडच्या शेवटच्या कागदाच्या पाठीवर लिहून ठेवलं होतं आणि धावपळीत द्यायला विसरली होती. वर्षभर तो कागद माझ्या डोळ्यांसमोर खिळ्याला लटकत होता, तोंड माझ्याकडे आणि पाठ भिंतीकडे. मी भरला, सही केली, पाठवला. उलटून बघितला नाही.

"स्वानंद," मी कसंबसं म्हणालो, "त्याच्या दुसऱ्या बाजूला..."

"दुसरी बाजू आता भिंतीकडे आहे, बाबा. तिनं अख्खी ट्यूब लावलीये गोंदाची. भिंत पडली तरी कागद निघायचा नाही." मग हळूच म्हणाला, "मी वाचली होती. तिला वाचू दिली नाही. लाल गोलांचं पत्रही दाखवलं नाही."

माझ्या आयुष्यातली सर्वात निर्दोष रिजेक्शन नोट कुरितिबा शहरातल्या एका भिंतीनं वाचली. आणि त्याआधी फक्त स्वानंदनं.

"आजी!" मिनल कागदावर बोट ठेवून म्हणाली. वाचून दाखव, असं ते होतं. एवढं मला कळलं.

मी वाचू लागलो. स्वानंद तिला सांगत होता. मेथी एक जुडी. साबण दोन. ह्यांच्या गोळ्या. तूरडाळ एक किलो आणि पुढे कंसात, 'तूर! हरभरा नव्हे. पाकिटावरचं नाव वाचून घेणे. वाचता येतं तुम्हाला.'

मिनलनं तूर आणि हरभऱ्यात फरक काय विचारलं. आठ महिन्यांत पहिल्यांदाच मला काहीतरी शिकवायची संधी आली होती. मी धावत जाऊन डाळीचा डबा आणला, मूठभर डाळ स्क्रीनसमोर धरली. "ही बघ. ही तूर."

"काका," ओट्यापासून कस्तुराबाई म्हणाल्या, "ती हरभऱ्याची हाय."

"काय?"

"वरीस झालं तुमी हरभऱ्याचीच आणताय. आमटी, वरान समदं तिचंच."

"अहो, मग बोलला का नाही?"

"मला काय म्हाईत? मला वाटलं, तुमाला हीच ग्वाड लागती. रोज खाताना डोळं पुसायचा."

वर्षभर मी त्या आमटीची चव गेली म्हणून रडत होतो. आणि ज्यांनी ज्यांनी पाठीवरून हात फिरवला होता, ते सगळे एकेक करून डोळ्यांसमोर आले.

स्वानंदनं तिकडे सगळं भाषांतर करून सांगितलं. मिनल पलंगावर आडवी पडून हसली. मग उठून बसली, गंभीर झाली, माझ्या हातातल्या घासाकडे बघून तिनं आ केला. मी घास स्क्रीनला लावला. वरण ओघळून स्पीकरमध्ये गेलं. तिनं ढेकर दिला आणि वडिलांना काहीतरी विचारलं.

"काय म्हणते?"

"विचारतेय, वोवोला वाचता येत नाही का?"

"नाउँ," मी म्हणालो. रडून रडून नाक चोंदलं होतं. उच्चार अगदी बिनचूक आला.