रकाना क्रमांक सात

कॅनडातल्या ओकव्हिलच्या एका मराठी मंडळाच्या सभासद-अर्जात रकाना क्रमांक सात 'मूळ गाव' हा होता आणि तो भरणं सक्तीचं होतं. रिकामा ठेवणाऱ्याचा अर्ज परत जाई. अध्यक्ष जनार्दनराव गेली पस्तीस वर्षं तिथे न चुकता आपल्या गावाचं नाव लिहीत. ते गाव त्यांच्या शाळकरी वयातच धरणाच्या पाण्याखाली गेलं होतं; पण अर्जाला काही पाणी लागलं नव्हतं.

२०१७ साली देशाला दीडशे वर्षं झाली म्हणून मंडळानं दुसऱ्या एखाद्या समाजाचाही कार्यक्रम करायचं ठरवलं. जनार्दनरावांच्या समोरच्या घरात राहणारी हनीन ही पॅलेस्टिनी दिग्दर्शिका आयतीच सापडली. तिच्या बावीस मिनिटांच्या चित्रपटात तिचे एकोणऐंशी वर्षांचे वडील, याकूब, स्वयंपाकघरातल्या टेबलावर मसूर पसरून आपलं गाव मांडत. ही विहीर, ही भट्टी, हे अंजिराचं झाड. १९४८च्या युद्धात, दहाव्या वर्षी त्यांना तिथून जीव घेऊन पळावं लागलं होतं. आज तिथे एक भिंतही उभी नव्हती.

कार्यकारिणीनं चित्रपट तपासला. जनार्दनरावांनी अंजिराच्या झाडाचा भाग पुन्हा लावायला सांगितला, पण तेवढ्यात त्यांना पदाची आठवण झाली.

"फारच टचिंग आहे," ते हनीनला म्हणाले, "फक्त पॉलिटिक्स नको."

"मसुरात पॉलिटिक्स कुठे आहे?"

सचिव मृणालिनीताईंनी फोनवर नकाशा उघडला. "हे गाव यात दिसतच नाही. नाव घेतलं तर आपण साइड घेतली असं होईल. उद्या कुणी कम्प्लेंट केली, तर हॉल जाईल हातचा."

आजच्या नकाशात नसलेल्या कोणत्याही गावाचं नाव मंडळाच्या कार्यक्रमात उच्चारू नये, असा ठराव सर्वानुमते मंजूर झाला. जनार्दनरावांनी खाली झोकदार सही केली. गावाच्या नावाच्या जागी 'टूं' असा आवाज भरायचा होता. याकूब ते नाव एकतीस वेळा घेत होते.

हनीन रागानं उठलीच होती. मग पुन्हा बसली. "बाबांनी कोट ड्रायक्लीनला दिलाय," ती म्हणाली. "भरल्या हॉलमध्ये एकदा तरी त्यांना आपलं गाव बघायचंय."

चित्रपटाच्या खेळाला हॉल भरला. "माझा जन्म टूंचा," पडद्यावरचे याकूब सांगत होते, "टूंची अंजिरं कुठेच मिळत नाहीत." लोकांनी डोळे पुसले, रडण्याविरुद्ध ठराव नव्हता. पहिल्या रांगेत कोट घालून बसलेले खरे याकूब प्रत्येक 'टूं'ला ओठांतल्या ओठांत गावाचं नाव म्हणत होते.

नंतर बटाटेवड्यांपाशी जनार्दनरावांनी त्यांचा हात हातात घेतला आणि जन्माच्या सवयीनं विचारलं, "याकूबसाहेब, तुमचं मूळ गाव कुठलं?"

म्हाताऱ्यानं अत्यंत अदबीनं उत्तर दिलं, "टूं."

आसपासचे हसले. हनीन हसली नाही.

"आणि तुमचं?" याकूबांनी विचारलं.

जनार्दनरावांनी तोंड उघडलं. नाव अगदी जिभेवर आलं होतं. पण मृणालिनीताईंनी तत्परतेनं नकाशा पुढे धरला होता. त्यात गावाच्या जागी निळं, सपाट पाणी होतं.

"जनार्दनराव," त्या हळूच म्हणाल्या, "ठराव आहे आपला."

"टूं," जनार्दनराव म्हणाले, आणि त्यांनी वडा तसाच बशीत ठेवला.

रकाना क्रमांक सात अजून सक्तीचाच आहे. बाकी वाचकहो, तुमचं मूळ गाव कुठलं? सांगा की. पण आधी नकाशा बघून घ्या.