शकू आणि ज्ञानकोशातल्या बायका

आमच्या सोसायटीतल्या तिसऱ्या मजल्यावरचे अण्णा गेले, तेव्हा आम्ही सगळ्या बायका भेटायला गेलो होतो. अण्णांच्या पत्नी डोळ्याला पदर लावून म्हणाल्या, "ह्यांनी आयुष्यात कधी कुणाचं मन दुखावलं नाही हो."

सगळ्यांनी माना डोलावल्या. तेवढ्यात माझ्या शेजारून हलक्या, पण अगदी स्वच्छ आवाजात प्रश्न आला, "कोण म्हणतं?"

ती शकू. शकुंतला धोत्रे. माझ्या समोरच्या दारात राहते. मी तिला चिमटा काढला, तर ती मलाच म्हणाली, "चिमटे काय काढायलीस कमल? विचारलं फक्त. बायको म्हणजे स्वतंत्र संदर्भ नव्हे."

हे दुखणं तिला निवृत्तीनंतर जडलं. तशी प्रकृती आधीपासून त्याच वळणाची. बँकेत होती तेव्हा चेकवरच्या सह्या तपासायचं काम तिच्याकडे होतं. सख्ख्या भावाचा चेक तिनं परत पाठवला होता, कारण सहीतल्या वेलांटीचा गोंडा नेहमीपेक्षा बारीक आला होता. भाऊ समोर उभा होता, हातात पेन होतं, वर "शके, मी आहे गं" असं ओरडत होता. ती म्हणाली, "तुम्ही आहात हे मान्य आहे. सही तुमची नाही."

निवृत्त झाल्यावर एका कॉलेजात कार्यशाळा होती. इंटरनेटवर तो फुकटचा ज्ञानकोश असतो ना, ज्यात कुणीही लिहू शकतं, त्यात कसं लिहायचं ते शिकवणार होते. शकू गेली ती उप्पीट मिळणार म्हणून. तिथं एका पोरीनं पडद्यावर दाखवलं, की पुरुष शास्त्रज्ञांची पानं ही लांबलचक, आणि शास्त्रज्ञ बायका, डॉक्टर बायका, यांची नावं नुसती लाल अक्षरात. लाल म्हणजे नाव आहे, पण पान कुणी लिहिलेलंच नाही. शकू उप्पीट न खाता घरी आली. इतक्या वर्षांच्या शेजारात मी तिला उप्पीट सोडताना पाहिलं ते तेवढंच.

"लाल!" जिन्यातूनच ती ओरडली. "अर्ध्याच्या वर बायका लाल आहेत कमल! आणि एका बाप्याच्या पानावर त्याच्या कुत्र्याचं नाव आहे. संदर्भासकट!"

त्या दिवसापासून ती लाल नावं निळी करते आहे. पान झालं की नाव निळं होतं. रोज सकाळी नळाचं पाणी भरलं, की तांब्याभर पाणी स्वतःपाशी घेऊन कंप्युटरपुढं बसते. कुणी लस शोधणारी, कुणी कुष्ठरोग्यांत काम करणारी, कुणी ताऱ्यांचं गणित मांडणारी. पहिल्या वाक्यात "अमक्यांची पत्नी" असं कुणी लिहिलेलं दिसलं, की ते उचलून पार खाली नेऊन ठेवते. "असू दे की नवरा," म्हणते. "पण ओसरीपर्यंत, देव्हाऱ्यात नको."

ज्ञानकोशाचा पहिला नियम म्हणजे प्रत्येक गोष्टीला परक्यानं छापलेला संदर्भ हवा. दुसरा म्हणजे भाषा तटस्थ हवी. विशेषणं नकोत. हा नियम शकूनं घराबाहेरही लागू केला. गणपतीत मंडळाच्या फलकावरचं "भव्य दिव्य" तिनं खडूनं खोडलं. माझ्या नातवाच्या मुंजीच्या पत्रिकेतून "प्रेमळ", "आग्रहाचे" आणि "मंगलमय" काढून टाकलं. उरलं ते वाचून माझ्या सुनेला वाटलं, बँकेची नोटीस आली.

सर्वात कहर केला तो दवाखान्यात. सोलापुरातल्या एका नामांकित बाळंतपणाच्या डॉक्टरीणबाईंचं पान लिहायचं होतं. ("नामांकित" हा शब्द माझा. शकूला सांगू नका.) बाई फोनवर भेटेनात, तर ही सरळ नंबर लावून बाकावर जाऊन बसली. भोवती सगळ्या पोटुशा पोरी, मध्ये ही सत्तरीची. नंबर आला, आत गेली.

"बोला आजी, काय होतंय?"

"मला काही होत नाही. तुमचं जन्मसाल काय?"

डॉक्टरीणबाईंनी नर्सकडं बघितलं. शकूनं पर्समधून चष्मा काढला. "आणि छापून आलेलं पाहिजे. तोंडी नको."

बाईंनी तिचा रक्तदाब मोजला. तो उत्तम निघाला. शेवटी वैतागून त्यांनी एका गौरवग्रंथाची प्रत दिली, आणि पुढं आठवडाभरात त्यांचं पान निळं झालं. त्या आता शकूला बघितलं की रस्त्यात थांबतात.

हे सगळं बघून मलाही चेव आला. म्हटलं, "माझं पण पान कर की. मी शास्त्र शाखेची आहे."

"तुझं योगदान काय?"

हा प्रश्न कुणी माझ्या तरुणपणी विचारायला हवा होता. त्या वेळी मी स्वतःला भावी शास्त्रज्ञ समजत असे. कारण एवढंच, की पांढरा कोट मला शोभायचा. कॉलेजात बेडूक कापायच्या तासाला मी धीटपणे पुढं झाले, चिमटा हातात घेतला, आणि शुद्धीवर आले तेव्हा बेडूक शेजारच्या टेबलावर माझ्याकडं बघत होता. तरी माझी ऐट गेली नाही. स्थळांना पाठवायचा फोटो काढायला स्टुडिओत गेले, तर हातात परीक्षानळी धरून उभी राहिले. नळीत लिंबू सरबत होतं. फोटोग्राफर म्हणाला, जरा त्याच्याकडं विचारात पडल्यासारखं बघा. मी इतकी विचारात पडले, की पाहायला आलेल्या पहिल्या स्थळानं विचारलं, मुलीला काही आजार आहे का.

"योगदान नाही," मी शकूला म्हटलं.

"मग बस खाली. शेंगाचटणी घे."

आता समोरच्या दारातली दुसरी बाई सांगायला हवी. शकू एकटी राहते ती अलीकडं. आधी तिथं दोघी होत्या. शकू आणि नीला. डॉ. नीलांबिका हिरोळे, गाव अक्कलकोटच्या पलीकडं, निम्मं बोलणं कानडीत. ज्वारीच्या संशोधन केंद्रात होती. रब्बीच्या ज्वारीवर खोडमाशी पडते, तिला दाद न देणारं वाण शोधायचं काम तिनं नोकरीभर केलं. उन्हात हिंडून कोळशासारखी झाली होती, आणि हसली की जिन्याच्या खालपर्यंत ऐकू यायचं.

दोघी बिनलग्नाच्या. मी तेव्हा पस्तिशीची आणि सर्वज्ञ. मला वाटलं, ह्यांचं राहिलंच आहे, आपण जमवून देऊ. मी स्थळं आणायला लागले. एकदा जेऊरचे एक बिजवर आणले, रेल्वेत होते, फार शालीन. नीलानं त्यांना दोन तास बसवून घेतलं. मी आत स्वयंपाकघरात खुशीत. बाहेर येऊन ऐकते, तर ती त्यांच्या शेतातल्या ज्वारीची चौकशी करत होती. जाताना ते बियाणं घेऊन गेले. शकू दारात उभी राहून म्हणाली, "कमल, पुढच्या वेळी बागायतदार आण." आणि दोघी हसत सुटल्या. मी घरी येऊन नवऱ्याला म्हटलं, ह्या दोघींना काही पोच नाही. नवरा म्हणाला, कुणाला नाही ते मला कळलं. मला मात्र ते कळायला पुढं बरीच वर्षं लागली.

नीला गेली. शकूनं जगातल्या सगळ्या बायकांची पानं लिहिली, नीलाचं लिहिलं नाही. मला ते फार लागलं. शेवटी पुण्याच्या नातीकडून फोनवर शिकून घेतलं आणि गुपचूप मीच पान लिहिलं. ज्ञानकोशात सदस्य म्हणून नाव घ्यावं लागतं. मी घेतलं "लवंगीमिरची". मनापासून लिहिलं: "डॉ. नीलांबिका हिरोळे या थोर शास्त्रज्ञ होत्या. त्यांची कडक भाकरी कागदासारखी पातळ असे. सोसायटीची टाकी भरली का, हे त्या स्वतः वर चढून बघत."

दुसऱ्या दिवशी पानाच्या डोक्यावर पाटी लागली: "या व्यक्तीची उल्लेखनीयता स्पष्ट नाही. स्वतंत्र संदर्भ नाहीत. पान वगळावे, असा प्रस्ताव आहे. एक आठवडा चर्चा खुली राहील." खाली पाटी लावणाऱ्याचं नाव. शकुंतला धोत्रे.

मी तशीच समोर गेले. ती जेवायला बसली होती. मला ताट वाढत म्हणाली, "ज्ञानकोशात एक लवंगीमिरची नावाची बाई आली आहे. लई अडाणी. थोर म्हणे! कोण म्हणतं?"

"मी म्हणते," मी म्हटलं. "मीच ती लवंगीमिरची. आणि तू नीलाच्या पानाला पाटी लावलीस? तुझा हात कसा धजला गं?"

शकूचा घास हातातच राहिला. मग तिनं तो ताटात ठेवला.

"मी लावली नसती, तर दुसऱ्या कुणी लावली असती. आणि त्यानं लावताना भाकरीवर चेष्टा केली असती."

"मग तू लिही की नीट! तुला तिचं सगळं माहीत आहे."

"म्हणूनच लिहिता येत नाही. आपल्या माणसावर लिहायचं नसतं. हितसंबंध येतो. नियम आहे."

"खड्ड्यात गेला नियम."

"असं म्हणू नको." तिचा आवाज एकदम उतरला. "मी लिहिलं आणि उद्या कुणी म्हणालं, ही तर घरातल्या बाईनं केलेली भलामण, तर? तिचं काम खरं आहे गं. ते माझ्या मायेवर उभं राहिलं असं दिसायला नको."

मी ताट जरा बाजूला सारलं. 

"मग ते जाणार का पान?"

"संदर्भ आले नाहीत, तर जाणार. आणि मी त्याच्यात पडणार नाही." ती भात कालवायला लागली. थोड्या वेळानं आमटीकडं बघत म्हणाली, "मी उद्या रिक्षानं त्या संशोधन केंद्राच्या बाजूला जाणार आहे. हवा खायला. कुणाला यायचं असलं तर येऊ शकतं."

एप्रिलचा महिना होता. सोलापुरात एप्रिलमध्ये हवा कुणी खात नाही, हवाच माणसाला खाते. तरी आम्ही गेलो. शकू फाटकाबाहेर लिंबाखाली रिक्षात बसून राहिली. आत पाऊल टाकायला तयार नाही. "मी आले तर तो माझा शोध होईल," म्हणाली.

मी आत गेले. ग्रंथालयातल्या बाईंना म्हटलं, मला ज्वारीचे जुने अहवाल पाहिजेत.

"आजी, कशाला?"

"वाचायला. मी शास्त्र शाखेची आहे."

त्या बिचारीनं गठ्ठाच आणून टाकला. मला त्यातलं काही कळेना. मी बाहेर येऊन रिक्षापाशी उभी राहिले आणि आकाशाकडं बघत म्हटलं, "एखाद्यानं अहवालात कुठं शोधावं म्हणे?"

शकू लिंबाकडं बघत म्हणाली, "एखाद्यानं मागची सूची बघावी. आणि अहवाल केंद्राचाच असतो, तो पुरणार नाही. दुसऱ्या विद्यापीठाच्या माणसानं लिहिलेलं ज्वारीचं पुस्तक असंल, तर ते बघावं."

रिक्षावाला आरशातून आळीपाळीनं दोघींकडं बघत होता. "मावशी," तो शकूला म्हणाला, "तुमचं भांडण हाय का?"

"नाही. प्रक्रिया आहे."

पुस्तक होतं. दुसऱ्या राज्यातल्या प्राध्यापकानं लिहिलेलं. त्यात खोडमाशीच्या प्रकरणात हिरोळे हे नाव पानापानावर होतं. तिच्या निरीक्षणांवर त्यानं पुढचं सगळं रचलं होतं. एका जागी त्यानं लिहिलं होतं, की शेतात इतक्या चिकाटीनं उभा राहणारा दुसरा अभ्यासक त्याला भेटला नाही. मी फोनवर सगळ्याचे फोटो काढले. काही दोनदा काढले.

आठवडाभर लवंगीमिरचीनं पान दुरुस्त केलं. "थोर" काढलं. टाकी काढली. भाकरीवर माझा जीव होता, तीही काढली. शकू चर्चेच्या पानावर परक्या बाईशी बोलावं तशी मला लिहायची, "सदस्य लवंगीमिरची, दुसऱ्या परिच्छेदाचा पृष्ठक्रमांक राहिला आहे," आणि मग दार वाजवून वाटीत पिठलं आणून द्यायची. पिठल्याबद्दल बोलायची, पानाबद्दल अक्षर नाही. पण तिचं वजन उतरलं. त्या आठवड्यात तिनं दुसऱ्या कुठल्याच बाईचं पान लिहिलं नाही.

मुदत संपली त्या सकाळी मी तिच्याकडंच होते. नागपूरकडच्या कुणा अनोळखी सदस्यानं निकाल दिला होता. एकच शब्द: "ठेवावे."

शकूनं तो शब्द वाचला, चष्मा काढला, पुसला, परत वाचला. मग म्हणाली, "फोटो नाही पानाला."

खरंच नव्हता. फोटोच्या जागी बाईची नुसती करडी आकृती होती. नियम असा, की ज्यानं फोटो काढला त्यानंच तो द्यायचा. आणि नीलाचे फोटो काढले होते ते फक्त एका माणसानं.

तिनं कपाटातून एकच फोटो आणला. शोधावा लागला नाही. कंप्युटर एकेक विचारत गेला, ती भरत गेली. छायाचित्रकार कोण. स्थळ काय. मग, प्रसंग. तिथं बोटं थांबली.

"काय होता गं प्रसंग?" मी मागून विचारलं. "शिवारफेरी होती का?"

"नाही."

"वाढदिवस?"

"काही नव्हतं. रविवार होता. म्हणाली, चल, माझी ज्वारी दाखवते. मी गेले."

तिनं लिहिलं: "प्रसंग नाही. रविवार." आणि कळ दाबली.

करडी आकृती गेली आणि तिथं नीला आली. डोक्याच्या वर गेलेल्या ज्वारीत उभी, ऊन डोळ्यांत, एक हात पुढं करून पुरे, पुरे म्हणणारी, आणि कॅमेऱ्यामागच्या माणसाकडं बघून हसणारी. फोटोखाली बारीक अक्षरात छायाचित्रकाराचं नाव.

मला वाटलं, आता ती कंप्युटर बंद करेल. तिनं केला नाही. खुर्ची जराशी डावीकडं सरकवली आणि बसून राहिली. पडद्याच्या अगदी समोर नाही, थोडी कडेला, शेजारी कुणी बसलं तर त्यालाही नीट दिसावं इतकी जागा सोडून.

दुसरी खुर्ची हाताशीच होती. मी मागं उभीच राहिले.