वाळवणातली सिंफनी

मागच्या चातुर्मासात सिद्धेश्वराच्या पायरीवर उभी राहून मी नवस बोलले होते, "देवा, इकडची नोकरी कायम होऊ दे. तोवर दिवेलागणीपासून रात्रीचं जेवून हात धुवेपर्यंत मी तोंडातून शब्द काढणार नाही." चातुर्मासात आपल्या आवडीची एक वस्तू सोडायची असते. शेजारच्या बजाबाईंनी वांगी सोडली. माझ्याही मनात वांगीच होती, पण वांग्यावर माझा फार जीव. (बोलण्यावरही आहे, पण बोलणं भरून रस्सा करता येत नाही.)

इकडची नोकरी गिरणीच्या ऑफिसात कारकुनाची, पण टेंपरवारी. या शब्दाची मला एवढी धास्ती, की दाराची कडी वाजली तरी वाटे, आला निरोप, उद्यापासून येऊ नका. कायम करण्याचा हुकूम गिरणीचे गोरे मॅनेजर हॉब्सन साहेब यांच्या टेबलावर सहीसाठी पडला होता, आणि पडूनच राहिला होता.

या साहेबांना बाजाचा नाद. एकदा दुपारच्या सुटीत त्यांनी ऑफिसातच ग्रामोफोन लावला. बाकीचे कारकून डबे घेऊन पसार झाले. आमची स्वारी तेवढी सापडली. मग काय करता, डोळे मिटून मान डोलवली. त्या दिवसापासून साहेबांची खात्री झाली की, सगळ्या सोलापुरात विलायती गाणं कळणारा माणूस एकच. भाद्रपदात मडमीणबाईंच्या प्रकृतीसाठी दोघं हवापालटाला निघाली, बंगल्याला चुना द्यायचा होता, म्हणून साहेबांनी तो बाजा आणि तबकड्यांची पेटी टांग्यात घालून आमच्या घरी पाठवली.

"हे काय आणलंत?" मी विचारलं.

"सिंफनी," स्वारी छाती फुगवून म्हणाली. "कुणी हात लावायचा नाही."

(थंड जागी ठेवा, असंही साहेबांनी बजावलं होतं. हे मला कळलं, पण केव्हा कळलं ते पुढे येईल.)

रोज संध्याकाळी ऑफिसातून आल्यावर स्वारी मला समोर बसवून शिकवू लागली. दिवा लागलेला असे, मी मौनात, त्यामुळे शिष्य म्हणून माझ्याइतकी गुणी बाई मिळणं कठीण. सिंफनी म्हणजे एकच गाणं, पण त्याचे चार भाग. पहिला जोराचा, दुसरा संथ, तिसरा नाचरा आणि चौथा अतिशय वेगाचा. एका तबकडीत मावत नाही, म्हणून पेटीभर. त्यात काही सोनाटाही होते. तिथे एकटी विलायती पेटी, पियानो म्हणतात ती, वाजते. ते ऐकताना मला वाटे, रिकाम्या घरात कुणी एकटंच स्वतःशी भांडतंय. ते एक वेळ चालेल. पण सिंफनीचा संथ भाग लागला की घरात कुणाचं तरी दुखणं विकोपाला गेल्यासारखं वाटे, आणि शेवटचा वेगाचा लागला की डॉक्टरला बोलवायला माणसं धावत सुटल्यासारखी. माझ्या छातीत धडधड सुरू होई. जपाची माळ हातात असली तर मणी असे पळत, की देवालाही वाटावं, या बाईला आज कुठली गाडी गाठायची आहे.

एकदा मी तुळशीला प्रदक्षिणा घालत होते आणि आत ती शेवटची तबकडी लागली. पायांना काय झालं कोण जाणे. बजाबाई कुंपणापाशी उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "वैनी, जरा दमानं की. तुळस काय पळून चाललीया व्हय?" मला उत्तरही देता येईना.

असं करत घट बसायचे दिवस जवळ आले. तुम्हांला ठाऊकच आहे, घट बसण्याआधी घरातली चिंधीसुद्धा धुऊन उन्हात पडायला हवी. मी अंथरुणं धुतली, पाट धुतले, मग नजर गेली त्या पेटीवर. मनात भीती शिरली. साहेबांचा हात लागलेला. साहेब काय खातात ते सगळ्या गावाला ठाऊक. आणि हे देव्हाऱ्यासमोरच्या कोनाड्यात ठेवून मी घट बसवायचा? त्यात उघडून बघते तो तबकड्यांवर पावसाळ्याची पांढुरकी बुरशी. म्हणजे देवाचाही कोप आणि साहेबांचाही. दोन्ही कोप एकदमच टाळावे, असा मी विचार केला. सगळ्या तबकड्या काढल्या, गोमूत्र शिंपडलं, ओल्या फडक्यानं हळुवार पुसल्या आणि वर माळवदाच्या गच्चीवर धुतलेल्या चादरीवर सांडग्यांच्या शेजारी मांडून ठेवल्या.

बजाबाई त्यांच्या माळवदावरून बघत होत्या. "वैनी, ह्ये काळं पापड कशाचं म्हनायचं?"

"पापड नव्हे हो, विलायती गाणं आहे."

"आन् ते वाळवून खात्यात?"

"ऊन दाखवतेय."

"दावा की. आमच्या जेऊरला बाया उखळालाबी ऊन दावत्यात."

झालं. दोघींचं एकमत झाल्यावर आणखी कुणाला विचारायचं? मी खाली गेले आणि सारवायला बसले.

भाद्रपदातलं सोलापूरचं ऊन. मी दिवेलागणीच्या जरा आधी वाळवण गोळा करायला वर गेले, तो पाहते काय! तबकड्या मऊ पडून पळसाच्या पत्रावळीसारख्या वळल्या होत्या. एकीला बाक आला होता, दुसरीच्या कडेला झालर. आणि सर्वांत शेवटची, ती वेगाची, जागा उरली नाही म्हणून मी कावळ्यांच्या धाकासाठी उपडी घातलेल्या चकचकीत पितळी वाटीवर ठेवली होती, ती तिच्यावर पसरून असा सुरेख द्रोण होऊन बसली होती, की जणू कासारानं घडवला.

मी ओरडणार, इतक्यात सिद्धेश्वराच्या देवळाची घंटा ऐकू आली. दिवे लागले. तोंड मिटलं.

आणि त्याच घटकेला दार वाजलं. स्वारी आनंदानं धापा टाकत आत आली. "ऐकलंस का? साहेब आजच परतले. उद्या सकाळी स्वतः येणार आहेत तबकड्या न्यायला. संध्याकाळी क्लबात सगळ्या मोठ्या लोकांना सिंफनी ऐकवायची आहे. म्हणाले, रामहरी, त्यानंतर तुझ्या हुकमाचं बघू." (नाव साहेबांच्या तोंडून आलं म्हणून मी इथे दिलं, माझ्या तोंडून नव्हे.) "आणि हो, तुला सांगायचं राहिलंच. ती पेटी थंड जागी ठेवायची बरं का."

मी कपाळावर हात मारला.

"डोकं दुखतंय?"

मी मान हलवली. दोन्ही हातांनी गोल काढून दाखवला.

"भाकरी करपली?"

मी वर आभाळाकडे बोट केलं, मग हातांचा गोल हळूहळू वाकवला.

"सूर्य मावळला. ते दिसतंय मला."

मी डोळ्यांत पाणी आणून पुन्हा गोल काढला.

"तुझी आई येणार आहे का?" आवाज बराच खाली आला होता.

शेवटी मी आत जाऊन तो द्रोणच आणून समोर ठेवला. स्वारीनं तो हातात घेतला, उलटा केला, मधला तांबडा कागद वाचला आणि भिंतीला टेकून खाली बसली. मग अगदी हळू आवाजात विचारणं झालं, "यात वरण वाढणार होतीस का?"

मला किती सांगायचं होतं. बुरशीचं, घटाचं, बजाबाईंच्या उखळाचं. एक शब्द काढता येईना. बजाबाईच धावून आल्या. अंगणातली शहाबादी फरशी अजून तापलेली होती. तिच्यावर एकेक तबकडी पसरून, वर पाट आणि पाटावर जात्याची तळी ठेवून आम्ही दाबल्या. द्रोण तेवढा दाबायला गेलं की कुरकुरे, म्हणून सोडून दिला.

मग मी पान वाढलं. आणि खरं संकट इथं उभं राहिलं. स्वारी म्हणाली, "मला घास उतरणार नाही," आणि भिंतीकडे तोंड करून निजली. आता इकडचं जेवण झाल्याखेरीज मी जेवत नाही. मी जेवून हात धुतल्याखेरीज मौन सुटत नाही. नवस बोलताना हे कुणाच्या ध्यानात येतं? रात्र गेली, उजाडलं, तरी माझी कालची संध्याकाळ संपलेली नव्हती.

सकाळी तळी उचलली. तबकड्या बऱ्याच सपाट झाल्या होत्या. बऱ्याच म्हणजे, लांबून बघितलं तर. द्रोण कुठे लपवावा ते सुचेना, तेवढ्यात टांगा थांबल्याचा आवाज आला. बजाबाईंनी झटकन त्यात परडीतली तगरीची फुलं ओतली आणि तो देव्हाऱ्यापाशी ठेवला. साहेबांबरोबर मडमीणबाईही होत्या.

हॉब्सन साहेब मराठी शिकले ते मागावरच्या माणसांकडून. आत येऊन खुर्चीत बसत ते म्हणाले, "काय रामहरी, बरं हाय न्हवं? एक लाव बगू, कान लई भुकेलं हायत."

स्वारीनं संथ भाग लावला. तबकडीवर सुई अशी खालीवर होऊ लागली, जशी चाकोरीतून बैलगाडी. सूर वर चढे, खाली घसरे. आजवर त्या घरात कुणाचं तरी दुखणं होतं, आज त्याला उचक्या लागल्या होत्या. मी दाराआडून सिद्धेश्वराचा धावा करत होते. साहेबांच्या कपाळाला आठी पडली. त्यांनी सुई उचलली.

"रामहरी, ह्ये काय झालं?"

इतक्यात मडमीणबाई देव्हाऱ्याकडे गेल्या होत्या. त्यांनी फुलांचा द्रोण उचलला आणि कौतुकानं साहेबांना दाखवला. साहेबांनी फुलं बाजूला केली. तळाशी तांबडा कागद होता. साहेबांनी तो वाचला आणि चष्मा काढून ठेवला.

मला राहवेना. नोकरी तर गेलीच, निदान दोष तरी ज्याचा त्याच्या पदरात पडावा. पदर डोक्यावर घेऊन मी पुढे झाले, हात जोडले, स्वतःकडे बोट केलं आणि मग वर उन्हाकडे.

"बाई बोलत का न्हाईत?" साहेबांनी विचारलं.

"व्रत आहे साहेब," स्वारी म्हणाली. "माझी नोकरी कायम व्हावी म्हणून. जेवल्याशिवाय बोलायचं नाही."

"मग जेवत का न्हाईत?"

"मी जेवल्याशिवाय ती जेवत नाही."

"मग तू का जेवला न्हाईस?"

"भीतीनं, साहेब."

"कुनाच्या?"

स्वारी जमिनीकडे बघत म्हणाली, "आपल्या."

साहेबांनी इंग्रजीत मडमीणबाईंना सगळं समजावलं. त्या ऐकून खाली बसल्या आणि चुलीकडे बोट दाखवून त्यांनी एवढंच सांगितलं की जेवा. हुकूमच तो. मग साहेब आणि मडमीणबाई खुर्च्यांवर, आणि पाटावर स्वारी कालची शिळी भाकरी गिळतेय, असं दृश्य आमच्या ओसरीनं पाहिलं. नंतर मी आत जाऊन चार घास खाल्ले, हात धुतले आणि बाहेर आले. सगळे माझ्या तोंडाकडे बघत होते. रात्रभर मी क्षमेचं लांबलचक भाषण मनात पाठ केलं होतं. त्यातलं एक अक्षर आठवेना. तोंडातून खरं तेच बाहेर पडलं.

"साहेब, बाकीचं मला काही कळलं नाही. पण ती शेवटची लागली की मला फार भीती वाटते. छाती धडधडते आणि पाय धावायला लागतात."

साहेब उठून उभे राहिले. मला वाटलं, संपलं सगळं.

"धडधडती?" ते म्हणाले. "बाई, माजीबी धडधडती. आट वर्सं मी ह्या गावात ही तबकडी लावतो. क्लबातली मानसं झोपत्यात. ह्या आमच्या बाईसाब झोपत्यात. रामहरी मान हलवतो, पर त्याला काय कळत न्हाई, त्ये मला ठावं हाय." स्वारीचं तोंड एवढंसं झालं. "जिला धडधडलं, अशी तुमी पयली."

हुकमावर सही त्याच दिवशी झाली. क्लबातल्या लोकांना सिंफनी मिळाली नाही आणि त्यांचं काही अडलंही नाही. द्रोण मडमीणबाईंनी दिवाणखान्यासाठी मागून नेला. माझा नवस फिटला, मौन सुटलं. सिद्धेश्वराची कृपा, दुसरं काय.

पण कृपेचं ओझं आता माझ्या डोक्यावर आहे. साहेबांनी मुंबईहून माझ्यासाठी मुद्दाम नव्या तबकड्या मागवल्या. निवडून निवडून सगळ्या वेगाच्या. सिंफनींचे शेवटचे भाग, सोनाटांचे शेवटचे भाग, सगळीकडे नुसती धावाधाव. दर शनिवारी साहेब स्वतः येऊन माझ्यासमोर बसतात आणि धडधडतंय का ते विचारतात. नाही म्हणायची सोय नाही, नोकरी कायम असली तरी साहेब तेच आहेत.

म्हणून मी एक युक्ती काढली. फुलवातींच्या कापसाचे दोन बोळे कानांत घालायचे, वर पदर ओढून घ्यायचा, डोळे मिटायचे आणि मान डोलवत मनात नामस्मरण करायचं. बायांनो, साहेबांनी यंदा शेजारणींनाही बोलावलंय, तेव्हा येत्या शनिवारी तुम्ही सगळ्या या आणि माझ्यासारखंच करा. कापूस मी देईन. फक्त एकीनं तरी उघड्या कानांनी माझ्या शेजारी बसा आणि बाजा थांबला की मला चिमटा काढा. परवा तबकडी संपली, साहेबांचा चहा पिऊन झाला, टांगा निघून गेला, आणि मी आपली डोलतेच आहे.